आधी कोण टेकवणार

आईने कपाट खाली टेकवलं आणि शाल्मलीच्या हातातला चहा तिच्या मांडीवर सांडला.

चटका बसल्याचं तिला कळलंसुद्धा नाही. ती डोळे फाडून पडद्याकडे बघत राहिली. पडद्यावर डोंगरातला एक झुलता पूल होता, पुलाच्या तोंडाशी दोन ठेंगणे हमाल उभे होते आणि त्यांच्यामधलं आरशाचं भलंमोठं कपाट एका बाजूने जमिनीला टेकलं होतं. मागच्या बाजूने. मागचा हमाल म्हणजे आई. साताऱ्यात बसून खेळणारी आई. दोन वर्षांत शाल्मली जिच्याशी एक शब्द बोलली नव्हती, ती आई.

"टेकवलं! आईने टेकवलं!" ती रिकाम्या घरात मोठ्याने म्हणाली आणि तिला रडूच फुटलं.

आता हे प्रकरण नीट सांगायला हवं. नाहीतर खेळातल्या कपाटावरून चाळिशी ओलांडलेली बाई रडते कशाला, असं कोणालाही वाटेल.

शाल्मली पेंडसे दहा वर्षांची असताना तिच्या बाबांनी दुबईहून येणाऱ्या मित्राकडून हातात धरून खेळायचे दोन जपानी गेम मागवले होते. एक तिला, एक स्वतःला. सोबत एकच खेळ आला. त्याचं नाव जपानी लिपीत होतं, ते घरात कोणालाच वाचता येईना, म्हणून त्याचं नाव पडलं 'कपाट'. दोन हमालांनी एक कपाट डोंगरापलीकडच्या गावात पोचवायचं, एवढाच खेळ. गंमत अशी, की एकट्याला ते हलवता येत नाही. दोघांनी एकाच वेळी पाऊल टाकलं तरच कपाट पुढे सरकतं. एकाचं पाऊल चुकलं की आरसा तडकतो. बाबांना तेवढा धीर नव्हता. चार दिवसांत त्यांनी आपला गेम आईच्या हवाली केला. आई सरकारी दवाखान्यात एक्स-रे काढायची. दिवसभर लोकांना "श्वास घ्या, रोखून धरा" सांगून सांगून तिच्या अंगी अशी चिकाटी आली होती, की पाऊल टाकण्यात तिचा हात धरणारं कोणी नव्हतं. मायलेकी दोन गेम एका वायरने जोडून, पलंगावर पाय सोडून रोज खेळायच्या.

खेळात एक खोच होती. झुलत्या पुलापाशी पुढच्याने मागे आणि मागच्याने पुढे यायचं. त्यासाठी कोणीतरी आधी आपली बाजू खाली टेकवायला हवी, आणि जो आधी टेकवेल त्याची त्या दिवशी मिळवलेली सगळी नाणी जाणार. मग काय, दोघी अडून बसायच्या. "तू टेकव." "मी नाही, तू टेकव." शेवटी आई हसायची आणि टेकवायची. दर वेळी आईच टेकवायची.

पुढे ते गेम मोडले, बॅटऱ्या फुगल्या, कंपनीने सुटे भाग बंद केले. शाल्मली नाशिकला अंबडच्या कारखान्यात नोकरीला लागली. धुलाईयंत्रांचे कंट्रोल बोर्ड तपासून त्यातल्या खोड्या हुडकायच्या, हा तिचा पोटापाण्याचा उद्योग. बाबा गेल्यावर आई एकटी पडली, तेव्हा शाल्मलीने दोघींच्या कॉम्प्युटरवर इम्युलेटर टाकून दिला. इम्युलेटर म्हणजे एका यंत्राने दुसऱ्या यंत्राचं सोंग घेणं. खेळाला वाटतं, आपण त्या जुन्या जपानी डबीतच चालतो आहोत. प्रत्यक्षात तो आजच्या कॉम्प्युटरवर चालत असतो. सोंग हुबेहूब वठलं नाही की खेळ अडतो, आवाज फाटतो, चित्रं गायब होतात. मग कुठल्या खेळाला काय चालतं आणि काय खुपतं, हे शोधायला जगभरातले हौशी लोक एकत्र येतात. शाल्मली त्यांच्यातली एक झाली. 'कपाट' हा खेळ तिच्याकडे होता. त्याची जुळवाजुळव तिने करायची आणि तिने ठरवलेल्या सेटिंग आपोआप सगळ्यांकडे जायच्या. नाशिक आणि सातारा मिळून रोज आठ वाजता कपाट निघायचं.

मग आईने लग्न केलं.

चौसष्टाव्या वर्षी, रजिस्टर पद्धतीने, मनोहर गुजर नावाच्या निवृत्त ग्रंथपालांशी. शाल्मलीला हे सांगितलं तेव्हा ती फोनवर म्हणाली, "मला एकच वडील होते."

"मी तुला दुसरे वडील आणत नाहीये," आई म्हणाली. "मी माझ्यासाठी माणूस आणतेय."

"मग तुझ्या माणसाबरोबर रहा."

आणि अबोला सुरू झाला. शाल्मली लग्नाला गेली नाही. आईचे मेसेज तिने न वाचताच बाजूला जमा व्हावेत अशी सोय करून टाकली. गुजर काकांचा नंबर तर तिने घेतलाच नव्हता. पण आठ वाजले की दोघीही निमूट कॉम्प्युटरसमोर बसायच्या. खेळ बंद करणं म्हणजे नातंच तोडणं, आणि ते कोणालाच नको होतं. हमालाला पाय आपटायला एक बटण होतं. दोनदा पाय आपटला की 'जेवलीस का', आणि उत्तरादाखल एकदा आपटला की 'हो', हा लहानपणापासूनचा संकेत. दोन वर्षं दोघींचं बोलणं म्हणजे तेवढंच. आई खेळली म्हणजे आई बरी आहे, असा शाल्मलीचा हिशेब होता. वेगळा फोन कशाला करायचा?

पुलाशी मात्र रोज गाडं अडायचं. पूल आला की दोघी उभ्या राहायच्या. आई टेकवायची नाही, लेक टेकवायची नाही. खेळातला सूर्य मावळायचा, दिवस फुकट जायचा आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पायथ्यापासून सुरुवात. हट्टाला सीमा असते म्हणतात. यांच्या हट्टाला नव्हती.

म्हणून त्या शनिवारी आईने टेकवलं तेव्हा शाल्मली रडली. आणि डोळे पुसून बघते तो काय, खेळ गोठला होता.

मागचा हमाल वाकलेला, कपाट एका बाजूने टेकलेलं, पक्षी आकाशात जागच्या जागी. कुठलंही बटण दाबा, ढिम्म. तिने खेळ बंद करून पुन्हा उघडला. शेवटच्या थांब्यावरून पुन्हा पुलापर्यंत आली. आईने पुन्हा टेकवलं! आणि खेळ पुन्हा गोठला.

दोन वर्षांनी आईने माघार घेतली आणि या दळभद्री प्रोग्रॅमला आत्ताच दातखीळ बसावी? आईला वाटेल, लेकीनेच खेळ बंद केला. शाल्मली कंबर कसून कामाला लागली. चित्र काढणारा भाग बदलून बघितला. साठलेली कच्ची माहिती पुसली. खेळाची प्रत कुठे खराब तर झाली नाही, हे तपासलं. आवाज बंद करून बघितलं, वेग निम्मा करून बघितलं. खेळ दर वेळी तिथेच गोठला, आणि दर वेळी आईने आधी टेकवलं. चौथ्या-पाचव्या वेळी तिच्या मनात काहीतरी खुपलं, पण आनंदाच्या भरात तिने तिकडे लक्ष दिलं नाही.

रविवारी सकाळी तिने बिपिन लोपीसला फोन लावला. बिपिन वसईचा. इम्युलेटरचा दोन यंत्रं जोडणारा भाग त्याने लिहिला होता. प्रत्यक्षात दोघं एकदाही भेटले नव्हते, पण खेळांच्या भानगडींवर तासन्‌तास बोलायचे.

"अदलाबदलीला गोठतंय? नोंदी पाठव," बिपिन म्हणाला. तिने पाठवल्या. तो गुणगुणत वाचत होता. मग गुणगुणणं थांबलं.

"शाल्मली," तो म्हणाला, "तुझ्या आईशी शेवटचं कधी बोललीस?"

"बोलत नाही आम्ही. खेळतो. का?"

"नाही, मला म्हणायचंय, आई बऱ्या आहेत ना?"

"बरी आहे. काल रात्री तर खेळली की माझ्याबरोबर. काय झालंय ते सांग ना सरळ."

"अगं, काल रात्री तुझ्याबरोबर कोणी नव्हतं," बिपिन म्हणाला. "तुझ्याकडे साताऱ्याहून एकही बटण आलेलं नाही. काल नाही, परवा नाही. मी मागे मागे जातोय. ऑगस्टपासून एकसुद्धा नाही."

खिडकीबाहेर भंगारवाला ओरडत गेला. जानेवारी संपत आला होता.

"वेड लागलंय का तुला?" शाल्मली म्हणाली. "रोज पाय आपटते ती. मला विचारते."

"ती अटकळ आहे, शाल्मली."

'अटकळ' हे बिपिननेच त्या करामतीला दिलेलं नाव. तिला ते ठाऊक होतं. इतकी वर्षं ते तिच्या डोळ्यांसमोर होतं. जुन्या काळी दोन गेममध्ये हातभर वायर असायची, बटण दाबल्याक्षणी दुसरीकडे कळायचं. नाशिकहून साताऱ्याला तीच खबर जायला अंमळ वेळ लागतो. दर पावलाला तिची वाट बघत बसलं तर खेळ अडखळत चालेल. म्हणून इम्युलेटर वाटच बघत नाही. समोरचा माणूस आता काय करेल याचा अंदाज बांधतो आणि तो खरा धरून पुढे जातो. मागाहून खरी खबर आली आणि अंदाज चुकलेला निघाला, तर गुपचूप दोन पावलं मागे येऊन चूक दुरुस्त करतो. इतक्या झटपट, की डोळ्यांना पत्ता लागत नाही. पूर्वी हा अंदाज अगदी ढोबळ होता. बिपिनच्या अटकळीने मात्र प्रत्येकाच्या वर्षानुवर्षांच्या खेळावरून त्याची चाल शिकून घेतली होती. कोण कुठे दबकतं, कोण कधी घाई करतं, कोण आठ वाजून गेले की दोनदा पाय आपटतं.

"पण खबर आलीच नाही तर तू खेळ थांबवतोस," शाल्मली म्हणाली. तिचा आवाज चिरकला. "पाच-सात सेकंदांत पाटी येते, संपर्क तुटला म्हणून. मला माहितीये!"

"येते. सगळ्या खेळांत येते. 'कपाट' सोडून."

आणि मग तिला आठवलं. पाटी आली की या खेळाला वाटायचं कोणी वायर उपटली, आणि तो आधीचं सगळं पुसून टाकायचा. लोकांच्या तक्रारी आल्या होत्या. शाल्मलीने शोध घेऊन तोडगा काढला होता: या खेळापुरती पाटी बंद, अटकळीने कितीही वेळ किल्ला लढवावा. वायर कितीशी तुटणार, फार तर मिनिटभर! तो तोडगा सगळ्यांकडे गेला. साताऱ्यालाही गेला. बिपिनने तेव्हा तिला शाबासकी दिली होती.

"आईच्या कॉम्प्युटरवर ऑगस्टमध्ये नवी आवृत्ती आपोआप चढली," बिपिन सांगत होता. "तू जुन्यावरच राहिलीस."

"नव्या आवृत्तीत कपाटाचा आरसा काळा दिसतो. म्हणून मी चढवली नाही."

"तेच झालं. दोन्ही आवृत्त्यांची बटणं कळवायची पद्धत वेगळी. दोन्हीकडे 'जोडलेले' दिसतं, पण एकमेकांची खबर दोघीही कचरा समजून टाकून देतात. फक्त अदलाबदलीला अंदाज चालत नाही. तिथे समोरच्या यंत्राची खरी सही लागते. ती कुठून येणार? म्हणून गोठलं."

"मग आईने टेकवलं ते?"

"पूर्वी त्याच टेकवायच्या ना नेहमी? मग अटकळ तेच करणार. आज ना उद्या."

ऑगस्टपासून आई तिथे आहे की नाही हेच शाल्मलीला ठाऊक नव्हतं. सहा महिने ती एका अंदाजाला विचारत होती, जेवलीस का. आणि तो म्हणत होता, हो.

तिने आईला फोन लावला. घंटा वाजत राहिली. पुन्हा लावला. तिसऱ्यांदा लावला. मग तिने गाडीची किल्ली घेतली आणि अंगावरच्या कपड्यांनिशी निघाली. सिन्नरच्या पुढे तिने स्वयंचलनाचं बटण दाबून गाडी आपली आपण चालू दिली आणि नुसती समोर बघत बसली. डोळ्यांसमोर भलतीसलती चित्रं येत होती. बंद दार. शेजारी जमलेली माणसं. छे, असं झालं असतं तर कोणी कळवलं नसतं का? पण कोण कळवणार? सगळ्या नातेवाइकांना तिने बजावून ठेवलं होतं, मला त्या घरातलं काही सांगू नका.

संगमनेर मागे पडलं आणि फोन वाजला. पडद्यावर 'आई'.

"अगं, गच्चीत होते वाळवण घालत," आईचा आवाज म्हणाला. "तीन-तीन फोन? बरी आहेस ना तू?"

शाल्मलीला हुंदका आवरेना. जिवंत आहे. वाळवण घालतेय.

"मी येतेय," ती कशीबशी म्हणाली.

"ये," आई म्हणाली. "कधीची वाट बघतेय मी. सावकाश ये." आवाजात राग नव्हता. आश्चर्यही नव्हतं. ते शाल्मलीला तेव्हा जाणवलं नाही; जिवात जीव आला होता, तेवढं तिला पुरे होतं. खंबाटकी घाट ओलांडेपर्यंत ती चक्क हसू लागली होती. आईला सगळं समजावून सांगू, दोघी मिळून बिपिनला शिव्या घालू.

शाहूपुरीतल्या घराचं दार आईनेच उघडलं. ती वाळली होती, पण हसली. शाल्मली तिच्या गळ्यात पडणार, तेवढ्यात आईच्या खांद्यावरून तिला समोरची भिंत दिसली. बाबांच्या फोटोशेजारी आणखी एक फोटो होता. चष्मा, पांढऱ्या मिशा, चंदनाचा हार.

गुजर काका.

शाल्मलीने तोंड उघडलं, पण आईने तिचा हात धरून तिला आत नेलं, पंखा लावला आणि पाणी आणून दिलं.

"बघतेस काय फोटोकडे? छान आलाय ना?" आई म्हणाली. "त्यांना फोटो काढून घ्यायचा भारी कंटाळा. हा त्यांच्या वाचनालयाने दिला."

आता विचारायला हवं होतं. कधी? कसे? पण आई बोलतच राहिली.

"मी तुला मेसेजमध्ये सगळं लिहिलं होतं. तुझं उत्तर नाही आलं तेव्हा वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. ते गेले त्या दिवशी लोक संध्याकाळी परतले. घरात मी एकटी. आठ वाजले आणि सवयीने कॉम्प्युटर लावला, खेळायला म्हणून नव्हे गं. बघते तर तू आधीच येऊन उभी. मी कपाट उचललं, पण पाऊलच टाकवेना. मी तशीच उभी राहिले. आणि तूही उभी राहिलीस, शालू. एकदासुद्धा ओढलं नाहीस, घाई केली नाहीस. खेळातला सूर्य मावळेपर्यंत माझ्याजवळ नुसती उभी होतीस."

शाल्मलीला खेळाचा नियम आठवला. कपाट एकट्याला हलवता येत नाही. समोरचा थांबला की आपण थांबतो. दुसरं काही करायची सोयच त्या खेळात नाही.

"मग तू दोनदा पाय आपटलास," आई म्हणाली. "जेवलीस का? त्या दिवशी ते मला कोणीच विचारलं नव्हतं. सगळे रडले, पाया पडले, गेले. तू विचारलंस. मी उठले, शेजारच्यांनी आणून दिलेला वरणभात खाल्ला, आणि मगच मी उत्तर दिलं, हो म्हणून. त्या क्षणी माझ्या मनातला तुझ्यावरचा सगळा राग गेला बघ. नंदूमामा तेराव्याला म्हणत होता, लेकीने साधा फोन केला नाही. मी त्याला गप्प केलं. म्हटलं, माझी लेक माझ्याजवळ होती. तुला नाही कळायचं ते."

आईने तिच्या गालावरून हात फिरवला. "तुला किती जड गेलं असेल ते. तुला ते आवडत नव्हते, तरी आलीस."

त्या हाताखाली शाल्मली ताठ बसून राहिली. नव्या आवृत्तीचं काम दहा मिनिटांचं होतं, ते ती आत्ता इथे बसून करू शकत होती. खेळ दुरुस्त, दोघी पुन्हा जोडलेल्या, मधले सहा महिने कोणाला कळायचं कारण नाही. आईच्या पदरात जे पडलं आहे ते तसंच राहू दिलं तर कोणाचं काय बिघडतं? तिने स्वतःला हे दोनदा सांगून बघितलं. पण आई तिच्याकडे ज्या मायेने बघत होती ती माया तिची नव्हती. ती दुसऱ्याच कोणाची होती आणि शाल्मली ती ढळढळीत चोरून घेत होती. आणि काका कसे गेले हे तिला जन्मभर विचारता आलं नसतं. ठाऊक असल्यासारखा चेहरा करून त्या फोटोखाली बसावं लागलं असतं.

"आई," ती म्हणाली, "ती मी नव्हते."

"काय नव्हतीस?"

मग तिने सांगितलं. अटकळ, आवृत्त्या, आपणच बंद केलेली पाटी. सांगताना तिचे शब्द एकमेकांत अडकत होते. आईने मध्ये एकदाही टोकलं नाही. सगळं संपल्यावर तिने आपल्या हातांकडे बघितलं.

"आमच्याकडे एक्स-रेची प्लेट नीट पुसली नाही की असं व्हायचं," ती म्हणाली. "आधीच्या पेशंटची सावली पुढच्याच्या फोटोत उमटायची. माणूस कधीच घरी गेलेला असायचा. तसं?"

"हो. तसंच."

"म्हणजे विचारलं ते तू नाही."

"नाही."

"तू तेव्हा कुठे होतीस?"

"नाशिकला. आठ वाजता मीही खेळत असेन. माझ्याकडे तू... तू नेहमीसारखी चालत होतीस. मला काहीच कळलं नाही गं."

आई उठली. खिडकीपर्यंत गेली आणि तिथे कशाला आलो हे विसरल्यासारखी उभी राहिली. तिचा चेहरा शाल्मलीला दिसत नव्हता.

"म्हणजे त्या दिवशी मी एकटीच होते," ती म्हणाली.

चार महिन्यांपूर्वीचा एक दिवस शाल्मलीने आत्ता, या क्षणी, आईकडून हिसकावून घेतला होता. उगाच सांगितलं असं तिला वाटलं, आणि सांगायलाच हवं होतं असंही वाटलं.

"आणि आज?" आईने वळून विचारलं. "आज कशाला आलीस मग?"

"काल तू कपाट टेकवलंस. आधी. मला वाटलं, तू मला माफ केलंस. मग गोठलं म्हणून..."

"मी?" आई म्हणाली. "मी नाही टेकवलं. काल मी पुलावर उभीच होते, रोजच्यासारखी. एवढं सगळं मनातून पुसलं, पण ठरवलं होतं, टेकवायचं तेवढं या खेपेला तिने." ती थोडं हसली, पण ते हसणं पाहवत नव्हतं. "म्हणजे मी तुझ्यासाठी काही केलं नाही आणि तू माझ्यासाठी काही केलं नाहीस."

रस्त्यावरून मुलांचा घोळका ओरडत गेला. शाल्मलीने भिंतीवरच्या त्या पांढऱ्या मिशांकडे बघितलं. दोन वर्षं ज्या माणसाचा तिने तिरस्कार केला त्याचा चेहरा ती आज पहिल्यांदा नीट बघत होती.

"आई, तुझा मेसेज मी वाचला नाही," ती म्हणाली. "एकही वाचला नाही. काका कधी गेले, कसे गेले, मला काहीही माहीत नाही. सांगशील?"

आई तिच्याकडे बघत राहिली.

"हे त्याच दिवशी विचारायला हवं होतंस," ती म्हणाली.

"हो."

"आता चार महिन्यांनी काय सांगू मी तुला?"

"सगळं सांग."

आई खुर्चीत बसली. पदर सारखा केला, घसा खाकरला. तेराव्यापर्यंत आल्यागेल्या प्रत्येकाला तिने हे सांगितलं असणार. तिला ते पाठ असणार.

"दसऱ्याचा आदला दिवस होता," ती म्हणाली. "फुलं आणायला म्हणून ते पिशवी घेऊन खाली उतरले, आणि मी वरून ओरडून सांगितलं, झेंडू बघून घ्या, मागच्या वेळी..." आणि तिला पुढे बोलताच येईना. तिचा चेहरा वेडावाकडा झाला आणि ती लहान मुलीसारखी हमसून हमसून रडू लागली. आपल्या आईला असं रडताना शाल्मलीने कधी, अगदी बाबा गेले तेव्हाही, बघितलं नव्हतं. काय करावं हे तिला कळेना. मग ती उठली आणि तिने आईला धरलं.